अम्मांचा होकार

पद्मिनी सहस्रबुद्धे एकटीनं मैफल करत नाही, ही गोष्ट ईडन प्रेरीपासून मिनिआपोलिसपर्यंत प्रत्येक देशी घरात माहीत होती. का करत नाही, याची मात्र घरोघरी वेगळी आवृत्ती होती. मराठी मंडळात म्हणत, बाई फार लाजाळू. तमिळ मंडळी म्हणत, बाईला शिंगं फुटलीत. आपलं गाणं ऐकण्याची इथल्यांची लायकी नाही असं तिला वाटतं. तिचा नवरा चंद्रशेखर पडला नागपूरचा, पोटात काही ठेवणं त्याला जमत नसे. पॉटलकच्या जेवणात भाताची प्लेट हातात धरून तो सरळ सांगायचा, “अरे यार, तिच्या गुरूनं अजून परमिशन दिली नाही. दॅट्स ऑल.” लोक खो खो हसायचे. चाळिशी ओलांडलेली बाई, बँकेत नोकरी करते, फ्रीवेवर गाडी चालवते, आणि गायला परवानगी मागते! त्यांना तो विनोद वाटायचा. पण ते अक्षरशः खरं होतं.

पद्मिनीचे वडील पुरुषोत्तम देवस्थळी रेल्वेत होते. दोन वर्षांच्या बदलीवर म्हणून मद्रासला गेले आणि निवृत्त होईपर्यंत तिथेच रमले. मैलापूरच्या त्यांच्या घराच्या वरच्या मजल्यावर कोमळवल्ली अम्मा राहत. त्या काळी अम्मांचं नाव दक्षिणेत घरोघरी पोचलेलं होतं, पण पद्मिनीला त्याचा पत्ता नव्हता. पहाटे वरून सूर खाली येऊ लागले की ती आपली जिन्यात जाऊन बसायची. एकदा अम्मा दुधाचं भांडं घेऊन खाली उतरत होत्या. त्यांनी पोरीकडे पाहिलं आणि म्हणाल्या, “बसायचंच असेल तर वर येऊन बस. इथे पायात येतेस.” शिष्या म्हणून तिची निवड झाली ती एवढ्यावर. आई बिचारी नारळ आणि नऊवार घेऊन वर गेली, तर अम्मांनी नारळ ठेवून घेतला आणि लुगडं परत केलं.

अम्मा मुलखाच्या कडक. शाबासकी हा शब्द त्यांच्या तोंडात नव्हता. एखादी जागा अगदी त्यांच्या मनासारखी आली तर त्या “हं” म्हणत, आणि त्या “हं”साठी पद्मिनीनं आपलं सगळं बालपण आणि निम्मं तारुण्य घालवलं. पुढे अम्मांनी तिला मैफलीत आपल्या मागे बसवायला सुरुवात केली.

हे मागे बसणं म्हणजे काय ते सांगायला हवं. कर्नाटक संगीतात मोठ्या गायकाच्या पाठीमागे शिष्य बसतो आणि त्याच्याबरोबर गातो. गुरूचा श्वास तुटला की सूर आपण धरायचा, गुरूचा आवाज परत आला की त्यात विरून जायचं. गुरू चुकला तर त्याच्याबरोबर चुकायचं, त्याला दुरुस्त करायचं नाही. ऐकणाऱ्याला आवाज एकच वाटला पाहिजे. मागे बसणाऱ्याचं कुणी वेगळं कौतुक केलं तर समजावं, त्याचं काहीतरी बिनसलं. पद्मिनीचं कौतुक कधी कुणी केलं नाही, इतकी ती या कामात तयार होती.

एकोणीसशे एकोणसत्तर साली मैलापूरच्याच एका छोट्या संगीतसभेनं तिची एकटीची मैफल ठरवली. गुरूच्या होकाराशिवाय शिष्यानं पुढे बसायचं नाही हा तिकडचा कायदाच, पण अम्मांनी नाही म्हटलं नव्हतं, म्हणून सगळ्यांनी हो धरलं. निळ्या अक्षरांत आमंत्रणं छापली गेली. वडिलांनी ती पुण्याच्या नातेवाइकांनाही पाठवली. आदल्या दिवशी अम्मांनी तिला बोलावलं आणि सांगितलं, “आवाज पिकला नाही. वेळ आली की मी सांगेन.” दुसऱ्या दिवशी त्याच सभेत, त्याच व्यासपीठावर, पद्मिनीच्या जागी अम्मा गायल्या आणि पद्मिनी मागे बसली. पहिल्या रांगेत तिचे वडील मान खाली घालून बसले होते. त्या दिवशी तिला अम्मांचा इतका राग आला की गाताना तिच्या अंगाचा तिळपापड होत होता. तरी सूर कुठे हलला नाही.

पुढे लग्न झालं आणि ती मिनेसोटात आली. ईडन प्रेरीच्या घराच्या बेसमेंटमध्ये शनिवारी तिचा क्लास भरायचा. आठ-दहा पोरं कार्पेटवर मांडी घालून “सा” लावायची आणि मध्येच पायाला मुंग्या आल्या म्हणून लोळायची. देवळाच्या कार्यक्रमात ती सगळ्यांबरोबर भजन म्हणायची. बाहेरून कुणी गवई आला की त्याच्या मागे हमखास तीच. पण पुढे बसायची नाही. इथल्या संगीतसभेचे सेक्रेटरी डॉक्टर श्रीरंगन दर वर्षी फोन करायचे आणि दर वर्षी नकार ऐकून तो ठेवायचे. भारतात गेली की ती अम्मांना नमस्कार करून समोर बसून राहायची, तोंडानं विचारायची नाही. अम्मांना कळायचं. त्या म्हणायच्या, “वेळ आली की सांगेन.”

लांबून कुणी हसलं तर हसू दे, पण पद्मिनीसाठी हा हट्ट नव्हता. तिला जे येत होतं ते सगळं त्या बाईनं दिलं होतं. तिनं हो म्हटल्याशिवाय गायलं तर ते चोरीचं वाटलं असतं. आणि खोल आत भीतीही होती, की अम्मांचं बरोबर असेल तर? आवाज खरंच पिकला नसेल तर?

मग शहाऐंशीच्या सप्टेंबरमध्ये श्रीरंगन यांचा फोन आला. अम्मा अमेरिकेच्या दौऱ्यावर येत आहेत. शिकागोनंतर मिनिआपोलिस. मुक्काम अर्थातच पद्मिनीकडे, आणि मागे बसायला अर्थातच पद्मिनी. अम्मांचं वय शहात्तर. त्या पुन्हा काही समुद्र ओलांडणार नव्हत्या. पद्मिनीनं फोन ठेवला आणि ठरवून टाकलं की या वेळी तोंडानं विचारायचं.

अम्मांना शिकागोहून घेऊन आला त्यांचा भाचा प्रसन्ना. हा प्राणी महा बिलंदर. अम्मांची बॅग आत ठेवली, कॉफी घेतली, नायगाराला मित्र वाट बघतायत म्हणाला, आणि जाता जाता दारात पुटपुटला, “अम्मा जरा थकल्यात. मधूनमधून गोंधळ होतो. गाणं एकदम ठीक आहे, काळजी करू नका.” त्याची गाडी कोपऱ्यावरून वळेपर्यंत पद्मिनीला त्या वाक्याचा अर्थ लागला नव्हता.

तो दुसऱ्या दिवशी सकाळी लागला. अम्मा लवकर उठल्या, रियाज केला. आवाज म्हातारा झाला होता पण सूर जिथल्या तिथे. पद्मिनी खाली किचनमध्ये फिल्टर कॉफी करत ते ऐकत होती आणि तिचा जीव भांड्यात पडला. अम्मा खाली आल्या, कॉफी प्यायल्या, पेला विसळून उपडा ठेवला, आणि पुन्हा टेबलाशी बसून म्हणाल्या, “या घरात पाहुण्याला कॉफी देत नाहीत का?”

पद्मिनीनं पुन्हा कॉफी केली.  आता नाही तर कधीच नाही, असं तिला वाटलं. ती अम्मांच्या पायाशी जमिनीवर बसली आणि तमिळमध्ये म्हणाली, “अम्मा, इथले लोक मला एकटीनं गा म्हणतात. तुम्ही हो म्हणाल का?”

“आवाज पिकला की सांगेन,” अम्मा म्हणाल्या. क्षणाचाही विचार नाही.

“अम्मा, मी पद्मिनी. त्रेचाळीस वर्षांची झाले.”

अम्मांनी तिच्याकडे नीट पाहिलं. मग त्या हसल्या, एखाद्या अनोळखी बाईनं फाजील थट्टा केल्यावर सभ्य माणसं हसतात तशा. “पद्मिनी?” त्या म्हणाल्या. “ती शाळेत गेली आहे. आली की वर पाठवून द्या तिला.”

दुपारी वीणा शाळेतून आली. वीणा पद्मिनीची मुलगी, तेरा वर्षांची. तिला पाहताच अम्मांचा चेहरा उजळला. तिचा हात धरून त्यांनी तिला समोर बसवलं, मांडीवर ताल धरला आणि म्हणाल्या, “चल, कालचा धडा म्हण.” वीणा भांबावून आईकडे बघत म्हणाली, “आई, शी थिंक्स आय ॲम यू.”

 पद्मिनीनं दोघींच्या समोरून कपबशा उचलल्या आणि सिंकपाशी जाऊन पाणी सोडलं. ज्या बाईचा होकार हवा ती समोर बसली होती, पण होकार द्यायचा कुणाला हेच ती विसरली होती. सतरा वर्षं थांबल्याचं हे फळ. पद्मिनीला रडू आलं, आणि त्याहून जास्त संताप आला. पण संतापायचं तरी कुणावर, हेही तिला कळेना.

चंद्रशेखर ऑफिसमधून आला. सगळं ऐकून म्हणाला, “कॅन्सल करू या. मी श्रीरंगनना फोन करतो, थ्रोट इन्फेक्शन आहे म्हणून सांगतो. कोण चेक करणार आहे?”

“अहो, त्यांना गायचंय. दहा वेळा विचारलं त्यांनी, मैफल कधी, साडी कोणती नेसू.”

“आणि स्टेजवर विसरल्या तर? आठशे लोक येणार आहेत, पद्मिनी. शिकागोहून गाड्या करून येतायत. कोणीतरी टेप करणार, ती टेप मद्रासला जाणार. पन्नास वर्षांचं नाव एका दुपारी धुळीला मिळेल.”

“मी असेन ना मागे.”

“तू काय करशील? तूच सांगतेस, मागच्यानं पुढे जायचं नसतं.”

तो म्हणत होता ते शंभर टक्के बरोबर होतं. पण मैफलीच्या आदल्या दिवशी झालेल्या तालमीत अम्मा एका शब्दालाही अडखळल्या नाहीत. शिकागोहून आलेला मृदंगवाला जगन्नाथन आणि व्हायोलिनवाला संजीव, जो एरवी हॉस्पिटलमध्ये भूल द्यायचा, दोघं खूश होऊन गेले. गाण्यात असल्या की अम्मा पहिल्यासारख्या असत. म्हणून पद्मिनीनं मैफल होऊ दिली. आणि खरं सांगायचं तर आणखी एका कारणानं होऊ दिली, जे तिनं नवऱ्याला सांगितलं नाही. तिला वाटत होतं, गाताना अम्मा पहिल्यासारख्या होतात, तर गाता गाता कदाचित त्या मागे वळून आपल्याला ओळखतील. या आशेची तिला लाज वाटत होती, पण ती सुटत नव्हती.

शनिवारी दुपारी हायस्कूलचं सभागृह भरलं. मागच्या भिंतीवर शाळेच्या फुटबॉल टीमचं बोधचिन्ह होतं, त्यावर कुणीतरी कांजीवरमचा पडदा सोडला होता. अम्मा मध्ये बसल्या. डावीकडे संजीव, उजवीकडे जगन्नाथन, आणि अम्मांच्या पाठीशी तंबोरा घेऊन पद्मिनी. तिच्यापुढे वेगळा मायक्रोफोन होता. समोर पहिल्या रांगेत श्रीरंगन आणि त्यांचे जाणकार मित्र, मांडीवर तळहात ठेवून ताल धरायला सज्ज. त्यांच्या मागे मराठी मंडळी, ज्यांना चार वाजता चहा लागतो.

पहिला तास सुरळीत गेला. अम्मांचा आवाज वर चढताना थोडा फाटायचा आणि तिथे पद्मिनी अलगद खालून आधार द्यायची. चंद्रशेखर तिसऱ्या रांगेत बसून बायकोच्या चेहऱ्यावरून परिस्थिती वाचत होता. मग अम्मांनी मुख्य रागाला हात घातला. कांभोजी. आलाप असा झाला की संजीवच्या व्हायोलिनचा गज उत्तर द्यायचा विसरला. श्रीरंगन यांनी डोळे पुसले. पद्मिनीला वाटलं, आपण उगाच घाबरलो.

मग कृती, म्हणजे त्या रागातली बांधलेली रचना, सुरू झाली. पहिला भाग झाला, दुसरा झाला. शेवटच्या भागात चार ओळी होत्या. पहिली झाली. दुसरी अम्मांनी म्हटली आणि ताल फिरून आला तेव्हा पुन्हा दुसरीच म्हटली. एवढ्यात काही बिघडत नाही, ओळ दोनदा म्हणतात. त्यांनी तिसऱ्यांदा म्हटली. अगदी तशीच. चौथ्यांदा म्हटली तेव्हा पद्मिनी सावध झाली. तिला मागून फक्त अम्मांची मान आणि अंबाड्यातला गजरा दिसत होता, पण ती मान ताठ झाली होती. पुढची ओळ त्यांच्याजवळ नव्हती.

पद्मिनीनं मायक्रोफोन हातानं बाजूला सारला, पुढे वाकली आणि तिसऱ्या ओळीचा पहिला शब्द श्वासातून सोडला. अम्मांनी माशी हाकलावी तशी मान झटकली आणि पाचव्यांदा तीच ओळ म्हटली. संजीव आता तिच्याकडे बघत होता. जगन्नाथनच्या बोटांचा जोर कमी झाला. पहिल्या रांगेत श्रीरंगन यांचा मांडीवरचा हात थबकला, आणि त्यांच्या शेजारच्या माणसानं त्यांच्या कानाला तोंड लावलं.

तिसरी ओळ स्वतः म्हणून टाकायची? आठशे लोकांसमोर जाहीर करायचं, की अम्मा विसरल्या? मागे बसणाऱ्यानं तेवढं एक कधी करायचं नसतं. आणि गप्प राहायचं, तर आणखी दोन आवर्तनांत ते आपोआप जाहीर होणार. ताल फिरत होता. तो काही कुणासाठी थांबत नाही.

कर्नाटक संगीतात निरवल म्हणून एक प्रकार असतो. कृतीतली एकच ओळ धरायची. शब्द तेच, ताल तोच, आणि चाल मात्र दर वेळी नवी बांधायची. एकदा गुरूनं, एकदा शिष्यानं, एकदा व्हायोलिननं. चांगला गवई एका ओळीवर अर्धा तास घालवतो आणि लोक त्याला त्यासाठीच डोक्यावर घेतात. पण निरवल सुरू करायचा हक्क गुरूचा. शिवाय ही ओळ निरवलची नव्हतीच, ती समेवर नव्हे तर मध्येच कुठेतरी आडवी सुरू होत होती. शहाणा माणूस तिथे निरवल करत नाही.

पद्मिनीनं मायक्रोफोन ओढून घेतला. अम्मांची ओळ संपली, आणि तिनं तीच ओळ उचलून वरच्या सुरांत एका नव्या वळणानं टाकली.

सभागृहात कुजबुज उठली. श्रीरंगन यांच्या कपाळाला आठी पडली, इथे निरवल? संजीव हुशार, त्याच्या लगेच ध्यानात आलं. त्यानं तिचं वळण व्हायोलिनवर घेतलं आणि ओळ अम्मांच्या पुढ्यात ठेवली. आता सगळं अम्मांवर होतं. त्यांनी पुन्हा तीच जुनी चाल म्हटली असती तर खेळ खलास. 

अम्मांनी डोळे मिटले. आणि त्यांनी ती ओळ अशी काही फिरवली, असा काही विसावा घेऊन नेमक्या जागी आणून सोडली, की पहिल्या रांगेतून “आहा!” असा एकच हुंकार आला. शब्द हरवले होते, पण राग कुठेच गेला नव्हता. पद्मिनीनं उत्तर दिलं. अम्मांनी त्यावर कडी केली. पद्मिनीनं त्यावर. सतरा वर्षं जो आवाज ती दाबून, विरघळवून, दुसऱ्याच्या आवाजाखाली लपवून वापरत होती तो आता तिला लपवता येईना, कारण इथे लपून भागणार नव्हतं. ती मोकळी गात होती. बेसमेंटमधल्या क्लासची पोरं मागच्या रांगेत उठून उभी राहिली होती.

ओळ वेगात आली तसं पद्मिनीनं शब्द सोडून सरगम सुरू केली. सरगमला शब्द नसतात, विसरायला काही नसतं. अम्मा आनंदानं तिच्यामागून त्यात शिरल्या. आणि शेवटी टाळ्यांच्या कडकडाटात पद्मिनीनं जगन्नाथनला मान हलवून खूण केली. त्यानं एकट्यानं मृदंग वाजवायला घेतला. मृदंग एकटा वाजू लागला की निम्म्या लोकांनी कॉफीला उठायचं, हा मद्रासचा रिवाज मिनेसोटातही इमानानं पाळला जातो. लोक उठले.

पण धोका टळला नव्हता, तो फक्त पुढे ढकलला होता. मृदंग संपला की गायकानं तीच ओळ पुन्हा धरायची आणि कृती पुरी करायची. तिसरी ओळ, चौथी ओळ. पद्मिनी हातानं ताल धरून बसली होती आणि घाम तिच्या कानामागून ओघळत होता.

अम्मा मागे वळल्या. मैफल सुरू झाल्यापासून पहिल्यांदाच त्यांनी तिला पाहिलं. डोळे लखलखत होते.  ओळखलं?

“छान गातेस गं,” अम्मा हळू आवाजात म्हणाल्या. “कुणाकडे शिकलीस?”

 पद्मिनीचा हात ताल देत राहिला. “कोमळवल्ली अम्मांकडे,” ती म्हणाली.

“कुठली?”

“मैलापूरची.”

अम्मांनी आठवून पाहिलं. “नाव ऐकलंय,” त्या म्हणाल्या. “मग तिनं तुला मागे का बसवलं?”

“माझा आवाज पिकला नाही म्हणतात.”

“कान नाहीत त्या बाईला,” अम्मा फणकारल्या. “मत्सरानं ठेवली असेल मागे. आमच्यात असतो तो. तंबोरा इकडे दे. तू पुढे हो. हो पुढे, मृदंग संपत आला.”

ज्याच्यासाठी पद्मिनीनं अर्धं आयुष्य वाट पाहिली तो होकार हा असा आला. आला तो पद्मिनीला नव्हे, कुणा अनोळखी मुलीला; आणि ज्या बाईविरुद्ध आला ती बाईच तो देत होती. पद्मिनीला ओरडून सांगावंसं वाटलं, अम्मा, मी आहे, जिन्यातली! पण जगन्नाथन शेवटच्या आवर्तनात शिरला होता. अम्मांनी तिच्या हातून तंबोरा काढून घेतला, खांद्याला लावला आणि सरकून जागा करून दिली. कॉफीचे कागदी पेले घेऊन आत येणारे लोक दारातच उभे राहिले. कोमळवल्ली अम्मा तंबोरा छेडत मागे बसल्या होत्या.

पद्मिनी पुढे सरकली. मृदंग समेवर आला. तिनं ओळ धरली, मग तिसरी ओळ म्हटली, मग चौथी. गालांवरून पाणी वाहत होतं, ते तिनं वाहू दिलं. उरलेली सगळी मैफल तीच गायली, समारोपाच्या मंगलमपर्यंत. अम्मांनी मागून एकदाही आवाज लावला नाही. एका अवघड जागी तेवढं तिला स्पष्ट ऐकू आलं, “हं.”

पडदा पडल्यावर श्रीरंगन धावत वर आले.  एवढ्या मोठ्या गुरूनं भर सभेत शिष्येला स्वतःची जागा द्यावी, स्वतः तिच्यासाठी तंबोरा धरावा, असं त्यांनी जन्मात पाहिलं नव्हतं. ते प्रत्येकाला हात धरून तेच सांगत होते. मराठी मंडळींना चहाची आठवण राहिली नव्हती.  चंद्रशेखर एकटा विंगेत उभा राहून चष्मा पुसत होता.

पद्मिनीनं अम्मांच्या पायांवर डोकं ठेवलं आणि बराच वेळ उचललं नाही. अम्मांनी तिच्या केसांवरून हात फिरवला. आता त्या दमल्या होत्या, राग निवळला होता, आणि मघाशी आपण कुणाला तरी टाकून बोललो हे बहुधा त्यांना लागून राहिलं होतं.

“घरी गेलीस की तुझ्या गुरूला माझा नमस्कार सांग,” त्या म्हणाल्या. “म्हणावं, मुलीला चांगलं शिकवलंत.”

“सांगते, अम्मा,” पद्मिनी म्हणाली.